माल पोहोचला हे न्यायालयात कसे सिद्ध करावे: नागपुरातील नव्या पुरवठादारांसाठी

उधारीवर दिलेल्या मालाचे पैसे अडकले की बहुतेक नवे व्यापारी बिलांची जाडजूड फाइल घेऊन वकिलाकडे येतात आणि "सगळे कागद आहेत" असे विश्वासाने सांगतात. मी नागपूरच्या जिल्हा न्यायालयात अशा वसुलीच्या दाव्यांचे काम करतो आणि पहिल्या भेटीत बिले बाजूला ठेवून, माल उतरवून घेणाऱ्याची सही असलेली चलने, म्हणजे मालासोबत जाणाऱ्या पोहोच चिठ्ठ्या, मागतो. बिल हा विक्रेत्याने आपल्या दुकानात बसून तयार केलेला कागद आहे. त्यात खरेदीदाराने काहीही कबूल केलेले नसते. "मी एवढा माल पाठवला" हे आपले म्हणणे झाले आणि "मला एवढा माल मिळाला" हे त्याचे. या दोहोंमधले अंतर पुराव्याने भरून काढण्याचा भार दावा लावणाऱ्यावर असतो.

हे अंतर उलटतपासणीत कसे उघडे पडते ते एका दाव्यात मी जवळून पाहिले. इतवारीतील एका पाइप-फिटिंगच्या व्यापाऱ्याने बुटीबोरीकडच्या बांधकामासाठी एका कंत्राटदाराला सात बिलांचा माल दिला होता. व्यापारी स्वतः साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे होते. समोरच्या वकिलांनी एक चलन त्यांच्या हाती देऊन विचारले, "ही सही कोणाची?" "त्यांच्या साइटवरच्या माणसाची." "त्याचे नाव सांगता येईल?" "नाही." "सही झाली तेव्हा तुम्ही तिथे होता?" "नाही, आमचा गाडीवाला होता." तो गाडीवाला दोन वर्षांपूर्वीच काम सोडून गावी गेला होता. चलनावर निळ्या कार्बनची एक पुसट वळणदार रेघ होती. नाव नाही, तारीख नाही, शिक्का नाही. माल खरोखर पोहोचला होता याबद्दल मला शंका नव्हती, पण माझ्या खात्रीला न्यायालयात काही किंमत नसते. या दाव्याकडे मी पुढे परत येईन.

माल निघण्यापूर्वी

पहिले काम म्हणजे आपण नेमका कोणाला माल देत आहोत हे ठरवणे. बाजारात आपण दुकानाच्या पाटीवरच्या नावाने व्यवहार करतो, पण दावा मात्र एकमेव मालकावर, भागीदारी संस्थेवर किंवा कंपनीवर लावावा लागतो. खरेदीदाराचा जीएसटी क्रमांक पोर्टलवर टाकून त्याचे कायदेशीर नाव, व्यवसायाचा प्रकार आणि नोंदणी चालू आहे की रद्द झाली आहे हे पाहून घ्यावे आणि त्या पानाची प्रत फाइलला लावावी. आपली स्वतःची भागीदारी असेल तर ती नोंदणीकृत आहे ना, हेही आजच तपासावे, कारण भागीदारी अधिनियम, 1932 च्या कलम 69 प्रमाणे नोंदणी नसलेल्या संस्थेला करारावर आधारित वसुलीचा दावा लावता येत नाही. या एका उणिवेपायी पुरावा भक्कम असलेले दावे फेटाळले जातात.

दुसरे काम म्हणजे मागणी लेखी घेणे. छापील खरेदी आदेश मिळाला तर उत्तमच, परंतु किराणा ओळीत किंवा गांधीबागेत तो क्वचितच मिळतो; तेथे व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली मागणी पुरेशी आहे, फक्त तिला आपण उत्तर द्यावे आणि त्या उत्तरात दर, परिमाण, उधारीचे दिवस, उशिराचे व्याज आणि माल उतरवण्याचा पत्ता स्पष्ट लिहावा. "थकबाकीवर 24 टक्के व्याज" आणि "नागपूर न्यायकक्षेच्या अधीन" ही वाक्ये बिलाच्या तळाशी बारीक अक्षरांत छापलेली असतात, परंतु बिल माल निघाल्यानंतर येते, त्यामुळे ती अट समोरच्याने मान्य केली होती का, हा वाद उरतोच. तीच अट मागणीच्या वेळी कळवली आणि त्यावर "ठीक आहे, माल पाठवा" असे उत्तर आले, तर तो वाद बराचसा मिटतो. येथे एक मर्यादा लक्षात ठेवावी: ज्या न्यायालयाला मुळात अधिकारच नाही त्याला दोन्ही पक्षांच्या करारानेही अधिकार मिळत नाही. माल नागपुरातून दिला किंवा पैसे नागपुरात द्यायचे होते, असा व्यवहाराचा काहीतरी भाग येथे घडलेला असावा लागतो.

बिल एकाच्या नावावर आणि माल तिसऱ्याच्या जागेवर, असा व्यवहार असेल तर "माल अमुक साइटवर उतरवा" ही सूचना खरेदीदाराकडून लेखी घेतल्याशिवाय गाडी भरू नये. पुढे तो "माझ्या गोदामात काहीच आले नाही" असे म्हणतो, आणि ते शब्दशः खरे असते.

गाडी खाली होताना

या लेखातला सर्वांत महत्त्वाचा भाग हाच आहे. चलनावर सही घेताना पाच गोष्टी मिळाल्या पाहिजेत: माल घेणाऱ्याचे पूर्ण नाव त्याच्याच अक्षरात, त्याचा हुद्दा किंवा मोबाइल क्रमांक, तारीख व वेळ, प्रत्यक्ष मिळालेले परिमाण आणि संस्थेचा शिक्का. जीएसटी नियमांप्रमाणे मालाचे बिल तीन प्रतींत असते. पहिली खरेदीदाराची, दुसरी वाहतूकदाराची आणि तिसरी आपली. आपल्या प्रतीवर कार्बनची सही येऊ देऊ नये. त्या प्रतीवर पेनाने स्वतंत्र सही घ्यावी, कारण सही नाकारली गेली तर हस्ताक्षरतज्ज्ञाला मूळ शाईचीच सही लागते. चलनावर "नाव", "मोबाइल" आणि "वेळ" असे तीन रिकामे रकाने छापून घेतले की गाडीवाल्याला वेगळे सांगावे लागत नाही, कारण रिकामा रकाना दिसला की माणूस तो भरतो.

हिंगणा किंवा बुटीबोरी एमआयडीसीतील कारखान्यांत फाटकावर आवक नोंदवही असते आणि सुरक्षारक्षक तिच्यात गाडी क्रमांक, वेळ व मालाचे वर्णन लिहितो. त्या नोंदीचा अनुक्रमांक आपल्या चलनावर लिहून आणण्याची सवय गाडीवाल्याला लावावी. लोखंड, धान्य, कोळसा असा वजनावर विकला जाणारा माल असेल तर भरलेल्या आणि रिकाम्या गाडीच्या काटा पावत्या जोडाव्यात, आणि त्याच दिवशी त्यांची झेरॉक्स काढावी, कारण त्या कागदावरची छपाई वर्षभरात उडून जाते आणि न्यायालयात पांढरा कोरा तुकडा घेऊन जाण्याची वेळ येते.

माल कमी भरला किंवा काही नग फुटले, तर ते चलनावर लिहू द्यावे. पुष्कळ गाडीवाले "शेरा लिहू नका" म्हणून हुज्जत घालतात. ती चूक आहे. "50 पैकी 48 पेट्या मिळाल्या" हा शेरा 48 पेट्यांची लेखी कबुली आहे.

माल ट्रान्सपोर्टने गेला तर कागद बदलतात. माल विक्री अधिनियम, 1930 च्या कलम 39 प्रमाणे, करारानुसार खरेदीदाराकडे पोहोचवण्यासाठी वाहतूकदाराच्या ताब्यात दिलेला माल प्रथमदर्शनी खरेदीदाराला दिला असे धरले जाते, म्हणून बिल्टी, म्हणजे माल ताब्यात घेतल्याची वाहतूकदाराची पावती, हा मोलाचा कागद आहे. तथापि केवळ बिल्टीवर विसंबू नये. वाडीतल्या ट्रान्सपोर्ट कार्यालयांतून पोहोच पावती परत मागवावी आणि ती हाती आल्याशिवाय वाहतूकदाराचे महिन्याचे बिल चुकते करू नये. मी पाहिलेल्या सर्व उपायांत हा सर्वांत लवकर लागू पडतो. दोन वर्षांनी त्याच कार्यालयात गेलात तर जुनी बाडे रद्दीत गेलेली असतात.

आणखी एक गोष्ट, जी जवळजवळ कोणीच करत नाही. ज्या बिलांचे पैसे आले त्यांची चलनेही जपून ठेवावीत. "सही करणारा आमचा माणूस नाही" असा बचाव आला, तर त्याच माणसाने त्याच वळणाची सही केलेली जुनी दहा चलने आणि त्या दहा बिलांचे विनातक्रार जमा झालेले पैसे, यांच्यासारखे दुसरे उत्तर नाही.

ई-वे बिल आणि जीएसटी: काय सिद्ध होते, काय नाही

परराज्यात 50,000 रुपयांपेक्षा आणि महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात 1 लाख रुपयांपेक्षा अधिक किमतीचा माल पाठवताना सर्वसाधारणपणे ई-वे बिल, म्हणजे जीएसटीच्या पोर्टलवर काढायचा माल वाहतुकीचा दाखला, लागते. त्यात वाहन क्रमांक असतो, त्यामुळे माल निघाला हे दाखवण्यास ते उपयोगी आहे. तो उतरला, हे मात्र त्याने एकट्याने सिद्ध होत नाही. नोंदणीकृत खरेदीदाराला पोर्टलवर 72 तासांच्या आत ते नाकारण्याची सोय असते आणि त्याने काहीच कळवले नाही तर स्वीकृती मानली जाते. म्हणून ई-वे बिलातला वाहन क्रमांक, फाटकाच्या नोंदवहीतला क्रमांक आणि चलनावरचा क्रमांक एकच असणे, ही साखळी फार प्रभावी ठरते.

जीएसटीबाबत एक गैरसमज सर्रास आढळतो. "त्याच्या 2बी मध्ये माझे बिल दिसते, म्हणजे त्याने माल मान्य केला" असे व्यापारी सांगतात. 2बी म्हणजे खरेदीदाराला पोर्टलवर दिसणारे त्याच्या खरेदीचे विवरण; त्यातील नोंद आपणच भरलेल्या जीएसटीआर-1 या विक्रीच्या विवरणावरून आपोआप तयार होते. ती आपल्याच म्हणण्याची दुसरी प्रत आहे. खरा प्रश्न त्याने त्या बिलावरील कराचे क्रेडिट, म्हणजे स्वतःच्या करातून वजावट, घेतले का, हा आहे. केंद्रीय जीएसटी कायद्याच्या कलम 16 प्रमाणे माल मिळाल्याशिवाय क्रेडिट घेता येत नाही, म्हणून क्रेडिट घेणारा खरेदीदार सरकारसमोर "मला माल मिळाला" असेच सांगत असतो. मात्र कर भरण्याच्या 3बी विवरणात रकमा एकत्रित असतात, बिलवार नसतात. त्यामुळे त्याची खरेदी नोंदवही आणि क्रेडिटची खातेनोंद न्यायालयासमोर हजर करण्याचा आदेश मागावा लागतो. ती त्याने दडवली तर न्यायालयाला त्याच्याविरुद्ध अनुमान काढता येते.

खरेदीदार मोठा असेल आणि त्याने आपल्या बिलांवर उद्गम करकपात (टीडीएस) केली असेल, तर आयकर खात्याच्या आपल्या 26एएस विवरणात ती दिसते. आपले बिल त्याने स्वतःच्या वहीत धरले, याचा हा त्याच्या बाजूने आलेला पुरावा होय.

माल गेल्यानंतरचे तीन महिने

माल विक्री अधिनियमाच्या कलम 42 प्रमाणे खरेदीदाराने माल ठेवून घेऊन वाजवी काळात नकार कळवला नाही, किंवा तो पुढे विकला, तर त्याने माल स्वीकारला असे मानले जाते. आपण सूक्ष्म किंवा लघु उद्योग असाल तर सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास अधिनियम, 2006 त्याहून नेमका आहे: माल मिळाल्यापासून 15 दिवसांत लेखी हरकत आली नाही, तर मिळाल्याचा दिवस हाच स्वीकृतीचा दिवस. म्हणून माल पोहोचल्याच्या दुसऱ्या दिवशी एक साधा संदेश पाठवावा: "आपल्या अमुक साइटवर काल 120 नग उतरले, काही हरकत असल्यास कळवावे." त्याला आलेला नुसता अंगठ्याचा इमोजीही उपयोगाचा असतो.

मार्चअखेरची खाते जुळवणी कधीही टाळू नये. समोरच्या संस्थेचा हिशोबनीस आपल्या नावाचे लेजर ई-मेलने पाठवतो, त्यात आपली बिले जमेस धरलेली असतात, आणि आपण ते न पाहता पुढे सरकवून देतो. तो ई-मेल म्हणजे त्याच्याच वहीतली कबुली होय. आपले स्वतःचे खाते याच्या तुलनेत दुबळे असते. भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 च्या कलम 28 प्रमाणे व्यवसायाच्या नियमित वह्यांतील नोंदी ग्राह्य असल्या तरी केवळ तेवढ्यावरून कोणावर दायित्व लादता येत नाही.

मुदतीचे गणित आता करावे, दाव्याच्या वेळी नव्हे. मुदत अधिनियम, 1963 च्या अनुच्छेद 14 प्रमाणे उधारीचा काळ ठरलेला नसेल तर माल दिल्याच्या तारखेपासून तीन वर्षे, आणि अनुच्छेद 15 प्रमाणे उधारीचे दिवस ठरलेले असतील तर ते संपल्यापासून तीन वर्षे. समजा, माल 10 जून 2024 रोजी दिला आणि उधारी 30 दिवसांची होती. तर मुदत 10 जुलै 2027 ला संपते, आणि ती प्रत्येक बिलाची स्वतंत्र मोजली जाते. "आमचे चालू खाते आहे, शेवटच्या व्यवहारापासून मोजू" हे म्हणणे बहुतेक वेळा टिकत नाही, कारण परस्पर चालू खात्यासाठी दोन्ही बाजूंनी एकमेकांवर स्वतंत्र देणी निर्माण व्हावी लागतात. एकाने माल द्यायचा आणि दुसऱ्याने हप्त्याने पैसे द्यायचे, हे परस्पर खाते नव्हे. मुदत संपण्यापूर्वी सहीची बाकी-कबुली मिळाली तर कलम 18 खाली त्या दिवसापासून नवी तीन वर्षे सुरू होतात. मुदत संपल्यानंतर घेतलेल्या कबुलीला हा लाभ मिळत नाही.

मार्ग निवडणे

उद्यम नोंदणी (अशा उद्योगांची सरकारी नोंदणी) असलेला सूक्ष्म किंवा लघु उत्पादक अथवा सेवा पुरवठादार असाल तर वरील 2006 च्या अधिनियमाखालील नागपूरच्या सुविधा परिषदेकडे संदर्भ, म्हणजे थकबाकीची तक्रार, दाखल करता येतो. लेखी करारानेही उधारी 45 दिवसांपलीकडे नेता येत नाही, आणि थकबाकीवर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने मासिक चक्रवाढ व्याज लागते. निवाड्याला आव्हान द्यायचे तर खरेदीदाराला 75 टक्के रक्कम आधी भरावी लागते. नोंदणी मात्र पुरवठ्यापूर्वीची असावी, थकबाकी झाल्यावर धावत जाऊन केलेली नव्हे. निव्वळ खरेदी-विक्री करणाऱ्या व्यापाऱ्यांची उद्यम नोंदणी होत असली तरी तिचा उपयोग प्राधान्य क्षेत्रातील कर्जापुरता आहे, हे इतवारीतल्या पुष्कळांना ठाऊक नसते.

धनादेश परत आला असेल तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून 30 दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यावर समोरच्याला 15 दिवस आणि त्यानंतर एक महिन्यात परक्राम्य संलेख अधिनियमाच्या (धनादेशांच्या कायद्याच्या) कलम 138 ची तक्रार. हे दिवस चुकवू नयेत. दिवाळखोरी संहितेचा मार्ग कंपनीकडून किमान 1 कोटी रुपये थकले असतील तरच खुला होतो, आणि मालाविषयी आधीपासून खरा वाद असेल तर अर्ज फेटाळला जातो. त्याला वसुलीचे हत्यार समजू नये.

उरतो तो दिवाणी दावा. व्यापारी स्वरूपाचा वाद आणि 3 लाख किंवा त्याहून अधिक रक्कम असेल तर तो वाणिज्यिक न्यायालयात जातो. तातडीचा अंतरिम दिलासा मागायचा नसेल तर वाणिज्यिक न्यायालय अधिनियमाच्या कलम 12अ प्रमाणे आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज करणे बंधनकारक आहे. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2022 मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात हे निःसंदिग्ध केले. समोरचा पक्ष आलाच नाही तर तसा अहवाल मिळतो आणि दावा लावता येतो. मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीत धरला जात नाही, तरीही शेवटच्या आठवड्यात अर्ज करण्याचा धोका पत्करू नये.

दावा दाखल करताना आणि साक्षीच्या वेळी

वाणिज्यिक न्यायालयात आपल्या ताब्यातले सर्व दस्तऐवज वादपत्राबरोबरच द्यावे लागतात आणि आणखी काही ठेवलेले नाही असे शपथेवर सांगावे लागते. नंतर सापडलेले चलन आत घेण्यासाठी परवानगी मागावी लागते आणि उशिराचे कारण पटवावे लागते. म्हणून वकिलाकडे जाण्यापूर्वी प्रत्येक बिलाचा वेगळा संच करावा: मागणी, बिल, चलन, ई-वे बिल, बिल्टी, नंतरचे संदेश. ज्या संचात चलन नाही तेथे कोरा कागद लावून त्यावर "सही नाही" असे लिहावे. आपल्या वकिलाला उणीव पहिल्या दिवशी कळू द्यावी.

व्हॉट्सअ‍ॅप, ई-मेल आणि फोटो यांच्या प्रतींसोबत साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चे प्रमाणपत्र लागते. 1 जुलै 2024 पासून त्याचे दोन भाग आहेत, एक पक्षकाराचा आणि दुसरा तज्ज्ञाचा, आणि त्यात फाइलचे हॅश मूल्य (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा संगणकीय संकेतांक) नमूद करावे लागते. जुन्या कायद्याखालील अशा प्रमाणपत्राची आवश्यकता सर्वोच्च न्यायालयाने 2020 साली ठामपणे सांगितली होती, तीही जालन्याच्या निवडणूक वादात, अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल या प्रकरणात. संदेश ज्या फोनवर आले तो फोन विकू नये व त्यातला संवाद पुसू नये.

लेखी कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या उत्तरात, समोरचा काय म्हणतो ते शब्दशः वाचावे. "माल मिळाला नाही" आणि "माल निकृष्ट होता" ही दोन्ही वाक्ये एकाच कैफियतीत अनेकदा आढळतात; निकृष्ट म्हटले की मिळाल्याचे कबूल होते. वाणिज्यिक दाव्यात मोघम नकार चालत नाही, नाकारताना कारण आणि आपली बाजू सांगावी लागते.

साक्षीदार निवडताना मालकाने स्वतःच उभे राहण्याचा आग्रह धरू नये. सही ज्याच्या डोळ्यांसमोर झाली त्याची साक्ष थेट असते, म्हणून गाडीवाल्याचा कायमचा पत्ता आणि ओळखपत्राची प्रत तो कामावर असतानाच घेऊन ठेवावी. सुरुवातीला सांगितलेल्या दाव्यात तो हाती नव्हता. आम्ही साइटच्या फाटकावरील आवक नोंदवही हजर करण्याचा अर्ज दिला, मोठ्या विरोधानंतर तो मंजूर झाला, आणि सातपैकी पाच गाड्यांचे क्रमांक व वेळा ई-वे बिलांशी जुळल्या. त्या पाच बिलांचा हुकूमनामा, म्हणजे रक्कम देण्याचा न्यायालयाचा आदेश, झाला. उरलेल्या दोन बिलांचा माल टेम्पोने गेला होता, रक्कम मर्यादेखाली असल्याने ई-वे बिल नव्हते आणि नोंदवहीत नोंदही नव्हती. ती रक्कम नाकारली गेली.

हुकूमनामा झाला म्हणजे पैसे आले असे होत नाही. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते, त्यासाठी सर्वसाधारणपणे बारा वर्षांची मुदत असते, आणि दरखास्तीत जप्त काय करायचे हे आपल्यालाच सांगावे लागते. यासाठी खरेदीदाराकडून आलेल्या पहिल्या धनादेशाची प्रत आणि आरटीजीएसच्या नोंदी पहिल्याच दिवसापासून त्याच्या फाइलला लावून ठेवाव्यात. त्यांवर त्याची बँक, शाखा आणि खाते क्रमांक असतो.